म्हापशात फ्लॅट घेतोय, ४० लाखांचं होम लोन, २० वर्षं, ८.५ टक्के. शेवटी एकूण किती पैसे जाणार?

साधारण ८३ लाख, म्हणजे ४० मुद्दल आणि ४३ च्या वर नुसतं व्याज. ईएमआय बसतो ३४,७०० च्या आसपास आणि पहिल्या हप्त्यातले २८,३३३ रुपये व्याजातच जातात, मुद्दलातून सुटतात जेमतेम ६,४००, म्हणून १० वर्षं इमानदारीत हप्ते भरून स्टेटमेंट काढलं तरी २८ लाख बाकी दिसतात आणि लोकांना वाटतं बँकेने काहीतरी घोळ केला. घोळ नाही, व्याज उरलेल्या रकमेवर लागतं, एक्सेलमध्ये हप्ता काढणारा पीएमटी (PMT) फॉर्म्युला टाकून स्वतः बघा. मुदतच सगळा खेळ करते:

१५ वर्षं: ईएमआय ३९,४००, व्याज ३१ लाख
३० वर्षं: ईएमआय ३०,८००, व्याज जवळपास ७१ लाख

हप्ता चार हजारांनी कमी म्हणून ३० वर्षं घेणं मला तरी परवडणारं वाटत नाही. वर्षाला एक जास्तीचा ईएमआय भरलात तर २० वर्षांचं लोन तीन वर्षांहून जास्त आधी फिटतं, आणि फ्लोटिंग म्हणजे बदलत्या रेटवर घरासाठी घेतलेल्या लोनला प्रीपेमेंट चार्ज, म्हणजे मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड, लावता येत नाही, आरबीआयचा नियम आहे. फक्त हे आकडे रेट तोच राहिला तर, फ्लोटिंगमध्ये रेट वाढला की बँक बहुतेक वेळा ईएमआय तसाच ठेवून मुदत वाढवते, तेव्हा मेसेज आला की ईएमआय वाढवून मागा. स्टॅम्प ड्युटी, रजिस्ट्रेशन, घरपट्टी, सोसायटी मेंटेनन्स यात धरलेलं नाही.