सगळी हयात नौदलात काढलेल्या, लढाई पाहिलेल्या माणसाचं आयुष्य प्रत्यक्षात कसं असतं?

तुमचा धाकटा भाऊ अग्निवीर म्हणून आयएनएस चिल्काला, नौदलाच्या ट्रेनिंग केंद्रात, निघालाय आणि पूर्वी ज्यांनी अख्खी नोकरी नौदलात केली, युद्धही केलं, त्यांचे दिवस कसे गेले, असं तुम्ही विचारलंय. मी नौदलात नव्हतो, बाबा होते. १९६४ ते १९८९. पंचवीस वर्षांची नोकरी आणि त्यात लढाईचे दिवस तेरा. हा हिशेब आधीच सांगतो, कारण घरी येणारा प्रत्येक जण त्या तेरा दिवसांचंच विचारतो.

आमचं गाव गुहागर तालुक्यात. बाबा सतराव्या वर्षी भरती झाले, विशाखापट्टणमला ट्रेनिंग, मग लोणावळ्याला आयएनएस शिवाजीवर इंजिनाचं काम शिकले. आजी लोकांना सांगायची, "झील आगबोटीवर असतो." तिच्या लेखी मर्चंट नेव्ही, नौदल, भाऊच्या धक्क्याची लाँच, सगळं एकच.

बाबा स्टोकर. म्हणजे बॉयलर रूम. चार-चार तासांची वॉच, अंगावर निळा डांगरी, समोर भट्टी. बॉयलरवर काचेची एक उभी नळी असते, गेज ग्लास. आत पाणी किती आहे ते तिच्यात दिसतं. पाणी खाली गेलं तर नळ्या जळतात, वर गेलं तर वाफेबरोबर पाणी टर्बाइनमध्ये जातं. वॉचभर त्या नळीवरून नजर काढायची नाही. भट्टीला हवा कमी पडली की धुराड्यातून काळा धूर जातो, मग ब्रिजवरून, म्हणजे वर जिथून जहाज चालवतात तिथून, शिव्या येतात. आजही ते आमच्या स्वयंपाकघरात आले की आधी गॅसची ज्योत बघतात. जरा पिवळी दिसली की, "हवा कमी आहे, बर्नर साफ करा." आई म्हणायची, लग्नाला इतकी वर्षं झाली पण भाजीला काय घातलंय हे कधी विचारलं नाही, ज्योत मात्र रोज बघितली.

१९७१ साली पाकिस्तानशी युद्ध झालं तेव्हा ते जुन्या विक्रांतवर होते, विमानवाहू जहाजावर. विक्रांतच्या चार बॉयलरपैकी एकाला तडा गेलेला. तो बाजूला ठेवायचा तर वेग कमी, आणि वेग कमी म्हणजे डेकवर समोरून वारा कमी, विमान उडवायला अडचण. वारा पडलेला असेल तर अलिझेसारखं जड विमान उडवणं आणखी कठीण. तशाच अवस्थेत जहाज बंगालच्या उपसागरात गेलं आणि ४ डिसेंबरला सी हॉक विमानांनी कॉक्स बाजार आणि चितगावावर हल्ले केले. बाबांना यातलं काही दिसलं नाही. ते पाण्याच्या पातळीखाली, लोखंडाच्या पेटीत. लढाई लागल्याचं लाऊडस्पीकरवर कळलं. पण विमान फेकणारा कॅटापुल्ट वाफेवर चालायचा, आणि वाफ यांच्याकडची. विमान सुटलं की वर दणका बसायचा, खाली प्रेशरचा काटा दचकायचा. परत आलेलं विमान तारेला अडकलं की वेगळा आवाज. "गेलेली मोजायचो, आलेली मोजायचो. आकडा जुळला की चहा." लढाईबद्दल याहून लांब वाक्य मी त्यांच्या तोंडून ऐकलेलं नाही.

तिकडे गावात ९ डिसेंबरनंतर कधीतरी बातमी पोचली की आपली बोट बुडाली. खुकरी ती. दीवजवळ पाकिस्तानच्या हंगोर पाणबुडीने टॉर्पेडो मारून बुडवली. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक गेले, कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला जहाजाबरोबरच गेले. आजीला बोटींची नावं कुठे ठाऊक? बोट बुडाली म्हणजे मुलाचीच. पत्र येईपर्यंत तिने चुलीवर स्वतःसाठी काही शिजवलं नाही, शेजारच्या घरातून भाकरी यायची.

बाबांच्या लोणावळ्याच्या बॅचमधला एक जण खुकरीवर होता. पुष्कळ वर्षांनी आम्ही दीवला गेलो. तिथे समुद्राकडे तोंड करून, काचेच्या घरात खुकरीची प्रतिकृती ठेवली आहे. बाकीचे पर्यटक फोटो काढत होते. बाबांनी काचेवर खालच्या बाजूला बोट टेकवलं, "बॉयलर रूम इथं." मग घड्याळ बघून म्हणाले, जेवायला जाऊया, उशीर झाला.

उरलेली वर्षं? पत्त्यातली. जहाजाचं नाव, खाली "केअर ऑफ फ्लीट मेल ऑफिस, मुंबई". माणूस कोचीत असो की अंदमानात, पत्ता तोच, त्यामुळे बाबा नेमके कुठे आहेत हे आम्हाला कधी कळायचं नाही. रजा गणपतीला मिळाली तर नशीब. मी तीन वर्षांचा असताना त्यांना "काका" म्हणालो होतो. आई ही गोष्ट हसत सांगायची, बाबा त्या वेळी उठून बाहेर जायचे.

मास्टर चीफ होऊन, म्हणजे अधिकाऱ्यांच्या खालच्या वरच्या हुद्द्यावरून, रिटायर झाले आणि एका कारखान्यात बॉयलरवर नोकरी धरायला गेले. तिथे म्हणाले, सर्टिफिकेट दाखवा. विक्रांतचे बॉयलर चालवलेला माणूस बेचाळिसाव्या वर्षी पोरांबरोबर परीक्षेला बसला! पास झाले, पण त्याचा राग अजून गेलेला नाही. कान तेव्हाच गेले होते. त्याच्या पेन्शनसाठी एका कार्यालयात चार फेऱ्या मारल्या, तुमच्या कागदांवर तशी नोंद नाही, असं उत्तर मिळालं. पाचवी फेरी त्यांनी मारली नाही. साधं पेन्शन मात्र वेळेवर येतं, दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला दिला की झालं.

विक्रांत मुंबईत संग्रहालय होती तेव्हा आम्हाला दाखवायला नेलं. ती भंगारात निघाली, मुंबईतच दारूखाना भागात, जिथे जहाजं तोडतात तिथे तोडली, तेव्हा पेपर घडी करून बाजूला ठेवला. पुढे २०१६ मध्ये तिचं पोलाद वापरून बजाजने व्ही नावाची मोटरसायकल काढली, माझ्या भाच्याने ती घेतली. पोलाद पेट्रोलच्या टाकीत वापरलंय हे कळल्यावर बाबा खूश झाले. "बरं झालं. तेलाशीच ठेवलं." १९७१ च्या लढाईचं 'पूर्वी स्टार' हे पदक मात्र बिस्किटांच्या डब्यात, आईच्या सुयादोऱ्यांबरोबर.

तुमच्या भावाचं गणित वेगळं आहे. त्याची मुदत चार वर्षांची, पुढे चारांतला जास्तीत जास्त एक राहणार, त्यामुळे बाबांच्या पंचवीस वर्षांवरून त्याचा अंदाज बांधू नका. फक्त इंजिनाची ब्रांच मिळाली तर कानाला संरक्षण लावल्याशिवाय खाली उतरू नको म्हणावं. बाबांच्या वेळी कापसाचे बोळे होते, आणि तेही ते घालत नसत. हे उत्तर मी त्यांना मोठ्याने वाचून दाखवलं, तरी दोनदा "काय?" म्हणाले.