तिन्ही कामं एकीनं करावीत का?

प्रश्न : ताई, मी गंगाखेडजवळच्या शाळेत शिकवते. जनाबाईवर एकपात्री लिहिलंय. लोक म्हणतात, लेखन, दिग्दर्शन, अभिनय सगळं एकीनं करू नये. खरंय का? – एक शिक्षिका, जि. परभणी

उत्तर : अगं, करायचंच! सुषमा देशपांडे यांनी ‘व्हय, मी सावित्रीबाई’ स्वतः लिहिलं, स्वतःच बसवलं आणि १९८९पासून एकटीनं रंगमंचावर उभं केलं. पुढं ‘बया दार उघड’मध्ये संत स्त्रिया आणल्या, मग तमाशातल्या बायांचं जगणं. शीर्षकातला तो ‘व्हय’ बघ. एका शब्दात बाई उभी राहते.

तू तर जनाबाईच्याच गावाकडची. लिहिलेलं मोठ्यानं वाच, जीभ अडखळेल ते वाक्य खोड. आणि जात्याचा खुंटा खरंच हातात धर. माझी आजी अंबाजोगाईला पहाटे दळायची. ओवी मध्येच तुटायची, श्वास घ्यायची, पण हात थांबत नसे. तो तुटलेला श्वास तुझ्या संहितेत हवा, लांबलचक भाषणं नकोत.

फक्त तालमीला गावातली एखादी दळण केलेली म्हातारी समोर बसव. ती चुळबुळली की तो प्रसंग काप. प्रयोग ठरला की कळव, लेकी, मी येणार.