हाडाच्या बासरीमागे लागलेली मुलगी

सांगली जिल्ह्यातून एका वडिलांचं पत्र आलं आहे. मुलगी बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला, विषय फिजिक्स. आठ वर्षं बासरी शिकतेय. दिवाळीत तिने मोबाइलवर गिधाडाच्या हाडाच्या बासरीचा व्हिडिओ पाहिला आणि तेव्हापासून ‘मला संगीत-पुरातत्त्व करायचंय’ हे एकच पालुपद. वडील विचारतात: असलं काही खरंच असतं का? त्यात पोट भरतं का? आणि ती फिजिक्स सोडायचं म्हणतेय, सोडू द्यावं का?

नमस्कार,

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो. फिजिक्स सोडू देऊ नका. ‘हाताशी काहीतरी असावं’ म्हणून नव्हे. तिला जे करायचंय त्यालाच ते लागणार आहे.

असलं काही असतं का? असतं. जुनी वाद्यं, चित्रं आणि जागा तपासून पूर्वीच्या माणसांचं संगीत शोधायचं, हे संगीत-पुरातत्त्वाचं काम. तिने पाहिलेली बासरी बहुधा दक्षिण जर्मनीतल्या होले फेल्स गुहेतली, २००८ साली सापडलेली. गिधाडाच्या पंखातलं हाड, लांबी सुमारे २२ सेंटिमीटर, बोटांसाठी पाच भोकं, वय ३५ हजार वर्षांहून जास्त. हाती आली तेव्हा तिचे १२ तुकडे होते. भोकांशेजारी बारीक रेघा कोरलेल्या आहेत. भोक कुठे पाडायचं ते आधी मोजून केलेल्या त्या खुणा असाव्यात, असं संशोधकांचं म्हणणं. जवळच्याच गाइसेनक्लोस्टरले गुहेतली एक बासरी तर मॅमथच्या सुळ्याची आहे. पक्ष्याचं हाड मुळातच पोकळ, सुळा भरीव. म्हणजे आधी कांडी कोरायची, ती उभी चिरायची, दोन्ही अर्धी आतून पोखरायची आणि हवा निसटणार नाही अशी पुन्हा चिकटवायची. हा नवशिक्याचा उद्योग नव्हे. तेव्हा ‘जगातली सर्वांत जुनी बासरी’ असं कुठे वाचलं, तर ती टिकलेल्या बासऱ्यांपैकी सर्वांत जुनी, एवढंच समजायचं. बांबू कुजतो, कातडं कुजतं, टाळी आणि गळा तर मागे काहीच ठेवत नाहीत.

म्हणूनच माणूस गायला का लागला, हा प्रश्न एकट्या खोदकामाने सुटत नाही. डार्विनने १८७१ साली गाण्याचं नातं जोडीदार मिळवण्याशी जोडलं. कुणी मूळ अंगाईत शोधतं, कुणी सगळ्यांनी मिळून एका ठेक्यावर नाचण्यात. स्टीव्हन पिंकर या मानसशास्त्रज्ञाने १९९७ साली मांडलं की उत्क्रांतीत संगीताचं कामच काही नव्हतं, ते निव्वळ कानाचे चोचले. मला स्वतःला हे पटत नाही. आमच्या गावच्या भजनात रात्रभर बसलेला माणूस हे सहज मान्य करणार नाही. पण ‘पटत नाही’ हा पुरावा नव्हे, आणि या क्षेत्रात हा फरक सतत जपावा लागतो.

तो तिला जपता येईल का, हे बघायला स्लोव्हेनियातल्या दिव्ये बाबे गुहेची गोष्ट सांगा. १९९५ साली तिथे गुहा-अस्वलाच्या पिल्लाच्या मांडीचं हाड मिळालं, ओळीत दोन भोकं असलेलं. एक बाजू म्हणते, ही निअँडरथल माणसाची, म्हणजे आता नामशेष झालेल्या मानवजातीची, बासरी. दुसरी म्हणते, कसली बासरी, एखाद्या श्वापदाच्या दातांनी पडलेली भोकं आहेत ती. भोकांच्या कडा सूक्ष्मदर्शकाखाली पाहून झाल्या, सीटी स्कॅन झाले, तशाच हाडांना दगडी हत्यारांनी भोकं पाडून पाहिली. वाद अजून मिटलेला नाही. हे ऐकून ती कंटाळली, तर बासरी वाजवावी आणि सुखी राहावं, त्यात कमीपणा काही नाही. उलट ‘मग कडा कशा दिसल्या?’ असं तिने विचारलं, तर पुढचं वाचा.

फ्रान्समधल्या मार्सुला गुहेत १९३१ साली एक मोठा शंख सापडला. पाणी प्यायचं भांडं असावं, असं समजून तो तूलूजच्या संग्रहालयात जाऊन पडला. कित्येक दशकांनी तो पुन्हा नीट तपासला, तेव्हा टोक मुद्दाम तोडलेलं दिसलं. एका वादकाला बोलावून तो फुंकवला आणि त्यातून तीन स्वर निघाले. २०२१ साली हे प्रसिद्ध झालं. शंख सुमारे १८ हजार वर्षांचा. शंखाचं टोक का कापतात हे आपल्याकडे देवघरातलं पोरही सांगेल! ज्याला फुंक माहीत आहे त्याला अशी वस्तू लवकर बोलते. आणि भोकाची जागा बदलली की स्वर किती सरकतो, गुहेत आवाज कसा घुमतो, हे मोजायला तिचं फिजिक्स.

आपल्याकडेही काम पडलेलं आहे. कर्नाटकात बळ्ळारीजवळ कुपगलच्या टेकडीवर ठोकल्यावर घंटेसारखे वाजणारे खडक आहेत, त्यांवर ठोकल्याचे खळगे आहेत आणि आसपास नवाश्मयुगातली बैलांची कोरीव चित्रं. छत्रपती संभाजीनगरच्या औरंगाबाद लेण्यांपैकी सातव्या लेण्यात नर्तकी आणि तिच्याभोवती वादक स्त्रिया कोरल्या आहेत. समुद्रगुप्ताच्या नाण्यावर राजा धनुष्याच्या आकाराची वीणा वाजवतो. ती वीणा पुढे आपल्या वापरातून गेली, उरली ती दगडात आणि नाण्यात.

आता पोटाचं. ‘संगीत-पुरातत्त्वज्ञ पाहिजे’ अशी जाहिरात मी भारतात आजवर पाहिलेली नाही. पगार मिळतो तो पुरातत्त्वज्ञ, संग्रहालयातला अभ्यासक किंवा प्राध्यापक म्हणून, आणि संगीत हा त्याच्या संशोधनाचा विषय असतो. म्हणून बी.एस्सी. पूर्ण, मग पुण्याच्या डेक्कन कॉलेजात पुरातत्त्वाचं एम.ए. विज्ञानाच्या पदवीधरांना तिथे दार बंद नाही, पण त्या वर्षीचं माहितीपत्रक वाचूनच अर्ज करा. नंतर त्याच विषयातली नेट, म्हणजे प्राध्यापकीसाठीची पात्रता परीक्षा. शिष्यवृत्तीसह निघाली, तर पीएच.डी.ची वर्षं घरावर भार न टाकता जातील. होले फेल्सचं उत्खनन करणारं ट्यूबिंगेन विद्यापीठ तिच्या डोक्यात असणारच. ते ज्या जर्मन राज्यात आहे, तिथे युरोपीय संघाबाहेरच्या विद्यार्थ्यांना सत्राला १५०० युरो शुल्क आहे, राहण्या-जेवण्याचा खर्च वेगळा. कर्ज काढून पदवीनंतर लगेच तिकडे जाणं मला पसंत नाही. आधी इथल्या उत्खननात दोन हंगाम उन्हात काढू देत. तिशीपर्यंत स्थिर पगार नसेल, हे तुम्हीही आत्ताच धरून चाला.

या सुट्टीत पैसे न लागणारं एक काम द्या. मिरज तुमच्यापासून लांब नाही. तिथल्या सतार-तंबोऱ्याच्या कारागिरांकडे तिने आठवडाभर बसावं, भोपळा कसा निवडतात, जवारी कशी काढतात (तार झंकारावी म्हणून घोडी कशी घासतात) ते पाहून रोज वहीत लिहावं. मग घरी साध्या वेळूच्या तीन बासऱ्या कराव्यात, तिसरीत एक भोक मुद्दाम अर्धा सेंटिमीटर चुकवावं आणि स्वर किती फिरला ते मोजून ठेवावं.

ती वही मला पाठवा. आणि सोबतचं पत्र तिला लिहू द्या. आत्तापर्यंत तिच्याबद्दल मला जे कळलं, ते सगळं तुमच्याच अक्षरातलं आहे.