स्वप्नातला महाल : गंधर्वनगरी, इमला की मनोराज्य?

एक वाचक किशोरांसाठी अद्भुतकथा लिहीत आहेत. कथेतली मुलगी झोपली की दरवेळी त्याच एका महालात पोचते; जागेपणी तो महाल कुठेच नसतो. त्यांनी विचारलं आहे की या वास्तूला ‘गंधर्वनगरी’ म्हटलं तर चालेल का, की ‘हवेतला इमला’ बरा? आणि ‘मनोराज्य’ हा शब्द इथे बसेल का?

तिन्ही शब्द मला प्रिय आहेत, पण या कथेत तिन्हींपैकी एकही नेमका बसत नाही. कुठला शब्द कुठे बसतो हे पाहायचं तर त्याच्यासोबत येणारं क्रियापद पाहावं. मराठीत स्वप्न पडतं, मनोराज्य आपण करतो, इमले आपण बांधतो आणि गंधर्वनगर दिसतं. ‘मला स्वप्न पडलं’ या वाक्यात मी कर्ता नाहीच; जे घडलं ते माझ्या इच्छेला न विचारता घडलं. ‘स्वप्न पाहणं’ असंही आपण म्हणतो, पण ते बहुधा आकांक्षेसाठी. डॉक्टर व्हायचं स्वप्न कुणी पाहतो, आणि त्याच माणसाला रात्री परीक्षेत पेपर कोरा राहिल्याचं स्वप्न पडतं.

आता गंधर्वनगर. आकाशात तट, बुरूज, गोपुरं उभी दिसावीत आणि थोड्या वेळाने विरून जावीत, असा हा देखावा. तो पाहणारा झोपलेला नसतो, टक्क जागा असतो, आणि शेजारी उभा असलेल्यालाही तो दिसतो. प्राचीन ज्योतिषी वराहमिहिराने बृहत्संहिता या आपल्या ग्रंथात यावर स्वतंत्र अध्याय लिहिला आहे. गंधर्वनगर कोणत्या दिशेला दिसलं तर पुरोहिताला वाईट, कोणत्या दिशेला दिसलं तर राजाला किंवा सेनापतीला, असे शकुन त्यात आहेत. एकट्याच्या स्वप्नावरून असे शकुन बांधले नसते. हे साऱ्या नगराने पाहायचं दृश्य होतं.

याहून पक्का पुरावा दर्शनग्रंथांत, म्हणजे जुन्या तत्त्वज्ञानाच्या ग्रंथांत आहे. अद्वैत वेदान्ताचा आचार्य गौडपाद याच्या मांडूक्यकारिकेत ‘स्वप्नमाये यथा दृष्टे गन्धर्वनगरं यथा’ असा चरण येतो. जग कसं मिथ्या आहे, तर स्वप्नासारखं, मायेसारखं, गंधर्वनगरासारखं. न्यायसूत्रांतही एका सूत्रात स्वप्नाचा दाखला आहे आणि लगेच पुढच्या सूत्रात ‘किंवा माया, गंधर्वनगर, मृगजळ यांच्यासारखं’ असा. स्वप्न आणि गंधर्वनगर एकच असते तर दोन वेगळे दाखले देण्याची गरजच नव्हती.

हा देखावा निव्वळ कविकल्पनाही नाही. खाली थंड हवेचा थर आणि वर ऊबदार हवेचा थर असला की प्रकाशाचे किरण वाकतात. मग दूरचा किनारा, जहाज, टेकडी वर उचललेली आणि ताणलेली दिसते, तिचे मनोरे होतात. इटलीची मुख्य भूमी आणि सिसिली बेट यांच्यामधल्या मेसिनाच्या सामुद्रधुनीत दिसणाऱ्या अशा देखाव्याला तिथल्या लोकांनी मॉर्गन या जादूगार परीचं नाव दिलं, ‘फाता मॉर्गाना’.

मराठीत ज्ञानेश्वरांनी या नगराचा किल्ला केला आहे. शके 1212 मधल्या ज्ञानेश्वरीत, पंधराव्या अध्यायातल्या संसारवृक्षाच्या वर्णनात ते विचारतात, ‘गंधर्वदुर्ग कायी पाडावे’. जो गड मुळात नाही तो पाडायचा कसा? पुढे सशाचं शिंग मोडायचं कसं, आकाशपुष्प तोडायचं कसं, असं ते विचारत जातात. ‘गंधर्वदुर्ग’ हा शब्द आज कुणी वापरत नाही याची मला खंत वाटते. कथेत एखादा खलपुरुष त्या महालावर सैन्य घेऊन चालून येणार असेल तर हा शब्द जरूर वापरावा.

‘इमला’ या शब्दाची गंमत वेगळी. मुंबईत ‘इमला मालक’ म्हणतात तो जमिनीचा मालक नसतो. दुसऱ्याच्या जमिनीवर उभ्या असलेल्या बांधकामाचा मालक असतो. म्हणजे जमीन वजा करून उरतं ते इमला. ‘हवेत इमले बांधणं’ किती चपखल आहे हे यावरून कळेल. पण बांधणारा जागा असतो आणि त्या वाक्प्रचारात किंचित हिणवणंही असतं. मुलीच्या महालाला ‘हवेतला इमला’ म्हटलं की वाचक तिला पोकळ बेत करणारी समजेल. मनोराज्याचंही तेच: पंचतंत्रातला सातूच्या पिठाचं मडकं लाथेने फोडणारा ब्राह्मण मनोराज्य करत होता. जाता जाता, ‘मनोरे रचणं’ यातल्या ‘मनोरा’चा मनाशी संबंध नाही, तो अरबी ‘मनार’वरून आला आहे, पण मराठी कानाला त्यात ‘मन’ ऐकू येतं आणि म्हणूनच तो वाक्प्रचार इतका रुजला असावा.

मग म्हणायचं काय? माझी पसंती सरळ ‘स्वप्नमहाल’ला. संस्कृत शब्दाला अरबी शब्द जोडला म्हणून बिचकू नये, ‘रंगमहाल’ आपण कधीपासून बोलतो आहोत. शिवाय ‘महाल’चा मूळ अरबी अर्थ उतरण्याची जागा, मुक्काम असा आहे, म्हणून तर तो महसुली विभागालाही लागला आणि गुजरातेतल्या पंचमहाल जिल्ह्याच्या नावात राहिला. रोज रात्री जिथे ती मुलगी उतरते त्या जागेला यापेक्षा योग्य शब्द मला सुचत नाही. ‘प्रासाद’ टाळा, तो मुलांना पाठ्यपुस्तकी वाटेल.

आतल्या भागांसाठी मात्र वाड्याचेच शब्द घ्या: दिंडी दरवाजा, देवडी, चौक, सदर, माजघर, माडी, तळघर. मुलगी दिंडीतून वाकून आत शिरली, देवडीवर कुणीच नव्हतं, असं लिहिलं की मराठी मूल तिच्या मागोमाग चालू लागेल. आणि ‘तिने महाल पाहिला’ असं लिहू नका. ‘तिला पुन्हा महालाचं स्वप्न पडलं’ असं लिहा.