निरीक्षणपट म्हणावं का?

‘ऑब्झर्व्हेशनल डॉक्युमेंटरी’ला, म्हणजे काही समजावून न सांगता नुसतं पाहत राहणाऱ्या फिल्मला, मराठीत ‘निरीक्षणात्मक माहितीपट’ म्हणावं का, असं एका ताईंनी विचारलं आहे. एका वस्तीवरच्या अशा फिल्मबद्दल त्या लिहीत आहेत आणि हा शब्द त्यांना खटकतोय.

मलाही खटकतो, पण माझा आक्षेप ‘माहितीपट’वर जास्त आहे. माहितीपट म्हटलं की कुणीतरी माहिती सांगणार हे धरूनच आपण बसतो. सरकारचं फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली सुरू झालं. त्यांचे लघुपट थिएटरात मुख्य सिनेमाआधी दाखवावेच लागत आणि त्यातला भारदस्त आवाज सगळं समजावून सांगे. आपले कान त्यालाच सरावले. माहितीपटाला ‘अनुबोधपट’ही म्हणतात, त्या शब्दात तर सरळ बोधच आहे.

आता अमेरिकन दिग्दर्शक फ्रेडरिक वाइजमन यांची ‘इन जॅक्सन हाइट्स’ (२०१५) पाहा. न्यूयॉर्कच्या क्वीन्समधली ही वस्ती. आपल्याकडची दुकानंही तिथे भरपूर. फिल्म तीन तासांहून मोठी, पण निवेदन नाही, मुलाखती नाहीत, वरून चढवलेलं संगीत नाही. बोलणाऱ्याचं नावसुद्धा खाली पट्टीवर येत नाही. भाडं वाढून दुकान हातचं जाईल या धास्तीनं दुकानदार बोलत असतात, आणि आपण मागच्या खुर्चीवर बसून ऐकावं तसं ऐकत राहतो.

शाळेतली प्रयोगवही आठवा: साहित्य, कृती, निरीक्षण, अनुमान. ही फिल्म निरीक्षणापाशी थांबते, अनुमानाची ओळ प्रेक्षकासाठी कोरी सोडते. म्हणून ‘निरीक्षण’ हा शब्द मला इथे मनापासून पटतो. त्याला ‘-आत्मक’चं शेपूट कशाला? बोलपट, मूकपट, चरित्रपट, तसा निरीक्षणपट. ‘पोलीस निरीक्षक’मुळे त्याला तपासणीचा वास येईल अशी शंका काहींना येईल, पण ‘तुमचं निरीक्षण दांडगं आहे हो’ हेही आपण रोज म्हणतोच की.

‘भिंतीवरची माशी’ मात्र कृपया लिहू नका. कुणाच्या लक्षात न येता सगळं पाहणाऱ्यासाठीची ही उपमा इंग्रजीतून (‘फ्लाय ऑन द वॉल’) उचललेली आहे, आणि खुद्द वाइजमनना ती मान्य नव्हती. माशी काही निवडत नाही. ते मात्र शंभरेक तासांच्या चित्रीकरणातून तीन तास निवडत, त्या संकलनातच महिनोन्‌महिने जात. त्यासाठी आपल्याकडे ‘टिपणं’ आहे. पाखरू दाणा टिपतं तेव्हा खडा बाजूला ठेवतं. ‘कॅमेऱ्यानं टिपलेली वस्ती’ म्हटलं की पाहणं आणि निवडणं दोन्ही आलं.

आणखी एक. शीर्षकात ‘स्थळांचे निरीक्षणपट’ असं लिहू नका, वाचणाऱ्याला आधी लग्नाची स्थळं दिसतील. ‘जागा’ किंवा ‘ठिकाणं’ म्हणा. आणि एकाच भागाबद्दल असेल तर सरळ पेठ, वाडी, चाळ, जे असेल ते नाव घ्या.