वाचकांचे प्रश्न : सेट डिझाइनमध्ये यायचंय

प्रश्न : मी इंटिरियर डिझायनर आहे. मालिका-चित्रपटांत प्रॉडक्शन डिझायनर व्हायचंय. पोर्टफोलिओत घरांची कामं चालतील का?

उत्तर : चालतील, पण दोन-तीनच. नुसते गुळगुळीत रेंडर (संगणकावर बनवलेली चित्रं) पाहून कोणी काम देत नाही. त्यापेक्षा दहा-बारा पानांची पटकथा घ्या आणि तिचं ब्रेकडाउन करा: दृश्य आतलं की बाहेरचं, दिवस की रात्र, पात्र काय हाताळतं, काय फुटतं. एकाच जागेतली दृश्यं एकत्र आणली की कुठे सेट बांधायचा आणि कुठे लोकेशनवर भागवायचं ते कळतं. फुटणाऱ्या वस्तूंचे किमान तीन नग धरा; रीटेक होतोच.

मग एका सेटचा प्लॅन १:५० ला काढून त्यावर कॅमेरा मांडा. सुपर ३५ (सिनेमा कॅमेऱ्यांतला एक नेहमीचा आकार) सेन्सर आणि २५ मिमी लेन्स असेल, तर भिंत कॅमेऱ्यापासून जितकी दूर, जवळपास तितकाच रुंद भाग दिसतो. ५० मिमीला निम्मा. म्हणजे १२ फुटांवरच्या भिंतीचे जेमतेम ६ फूट. जास्त हवं तर कॅमेरा मागे न्यावा लागतो आणि मागे भिंत आडवी येते. ती निघणारी ठेवली आहे का, हे प्लॅनवर दाखवा. घरांची कामं करणाऱ्यांकडून नेमकं हेच राहतं. खिडकीबाहेरचं बॅकिंगही (बाहेरचं दृश्य दाखवणारा पडदा) चौकटीला चिकटवू नका, त्यावर वेगळा प्रकाश टाकायला जागा हवी. नाहीतर चौकटीची सावली थेट आकाशावर पडते!

सुरुवात आर्ट असिस्टंट म्हणूनच होईल: मोजमापं, याद्या, कंटिन्युइटीचे (दोन शॉटमध्ये सामान जसंच्या तसं राहावं म्हणून काढलेले) फोटो, भाड्याचं सामान मोजून परत करणं. शेवटचं काम कंटाळवाणं, पण बजेट कुठे गळतं ते तिथेच समजतं. आधी मालिका करा, असं आम्ही सांगू. वेग तिथेच येतो.

प्रश्न : आमच्या लघुपटात दार आपटलं की अख्खी भिंत थरथरते. प्लाय जाड घ्यायचा का?

उत्तर : नको, वजन तेवढं वाढेल. दाराची चौकट थेट फ्लॅटला (सेटच्या भिंतीच्या प्लायच्या तुकड्याला) ठोकली असणार, म्हणून धक्का सरळ प्लायमध्ये जातो. चौकटीच्या दोन्ही बाजूंना जमिनीपासून वरपर्यंत स्वतंत्र उभे लाकूड द्या, मागून दोन्हींना तिरके टेकू लावा आणि टेकूंच्या पायांवर वाळूच्या पिशव्या ठेवा. बिजागरीच्या बाजूचा टेकू आधी लावा, दाराचा भार तिथेच येतो. चौकटीच्या आत, दार टेकतं तिथे फेल्टची पातळ पट्टी चिकटवली की आपटण्याचा पोकळ आवाजही दबतो. साउंडवाले दुवा देतील.