सरपणावरची निळी बुरशी आणि आंब्याची बाग

प्रश्न (किनवट तालुका, जि. नांदेड): बांधावर रचलेलं सरपण हलवलं तर खालच्या फांद्यांना मोरचूद सांडल्यासारखा निळा थर दिसला. शेजारीच केसर आंब्याची बाग आहे. ही बुरशी बागेत शिरेल का? काय फवारावं?

उत्तर: काहीच फवारू नका. वर्णनावरून ही ‘टेराना सेरुलिया’ दिसते. पानझडी झाडांच्या मेलेल्या, ओलसर लाकडावर उष्ण भागांत ती वाढते. फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ लामार्क यांनी तिचं वर्णन १७७९ मध्येच करून ठेवलंय, तेव्हा हे काही नवं संकट नाही.

हिला छत्री नाही, देठ नाही. लाकडाच्या खालच्या अंगाला, जिथं ओल टिकते, तिथं सपाट चिकटून पसरते. ओली असताना हाताला मखमली लागते. वाळली की कडक पापुद्रा होतो. मधे गडद निळी, वाढत्या कडेला फिकट. खात्री करायची तर पाणी टाकून पाहा: मोरचुदाचा डाग विरघळेल, बुरशी जागची हलणार नाही.

मेलेलं लाकूड कुजवणं एवढंच तिचं काम. निरोगी आंब्याला तिचा त्रास नाही. मला काळजी आहे ती सरपणाच्या ढिगातल्या वाळवीची. ढीग झाडांच्या बुंध्यापासून लांब, दगडांवर उंच रचा.

मात्र असा थर झाडावरच्या फांदीला दिसला, तर साल चाकूनं थोडी खरवडा. आत हिरवी, ओलसर असेल तर फांदी जिवंत आहे. तपकिरी, कोरडी निघाली तर ती सल झाली, म्हणजे फांदी आधीच वाळून मेलेली. बुरशी मागाहून आली. सुकलेल्या भागाखाली तीन-चार इंच जिवंत लाकूड धरून छाटा आणि कापावर बोर्डो पेस्ट लावा: १ किलो मोरचूद ५ लिटर पाण्यात, १ किलो कळीचा चुना ५ लिटरमध्ये, वेगवेगळे भिजवून मग एकत्र. भांडी प्लॅस्टिकची घ्या. स्वच्छ लोखंडी विळा बुडवून तांबूस चढ आला तर चुना कमी पडलाय, अजून घाला. पेस्ट त्याच दिवशी संपवा.

एक अपवाद लक्षात ठेवा. जिवंत फांदीच्या बेचक्यात गुलाबी थर आणि पुढची पानं सुकलेली, हा ‘गुलाबी रोग’. केरळात रबराच्या मळ्यांना तो छळतो. आपल्याकडच्या कोरड्या हवेत क्वचितच. तसं काही दिसलं तर फांदी कापून जाळा, आणि कापण्याआधी फोटो काढून सहायक कृषी अधिकाऱ्यांना (पूर्वीचे कृषी सहायक) दाखवा.

दुसऱ्या एकानं विचारलंय, ही निळी बुरशी खाता येते का? नाही. निळं लाकूड चुलीत घालायला हरकत नाही, आधी चांगलं वाळू द्या.